सी समरीची नोटीस आली म्हणजे केस संपली का?

‘पोलिसांनी माझी केस बंद केली, आणि आता कोर्टाने मलाच बोलावलंय,’ असं म्हणत चारकोपच्या एक ताई आमच्या मोफत सल्ला केंद्रात आल्या. (ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदलले आहेत.) मुलीच्या लग्नासाठी त्यांनी भिशीत टाकलेले अडीच लाख भिशी चालवणारीने बुडवले होते. फसवणुकीचा गुन्हा नोंदला गेला, मध्येच तपास अधिकारी बदलले, आणि अखेर पोलिसांनी ‘वाद दिवाणी स्वरूपाचा आहे’ म्हणून कोर्टाकडे सी समरी मागितली.

मुंबईत गुन्हा बंद करायचा तर पोलिस ए, बी किंवा सी समरी मागतात. ए म्हणजे गुन्हा खरा, पण आरोपी किंवा पुरावा सापडला नाही. बी म्हणजे फिर्याद जाणूनबुजून खोटी केली. गैरसमजातून नोंदलेल्या किंवा दिवाणी ठरलेल्या प्रकरणात सी. पोलिस फक्त मागतात. मंजूर करायची की नाही हे मॅजिस्ट्रेट ठरवतात. आणि फिर्यादीला नोटीस देऊन तिचं म्हणणं ऐकल्याशिवाय प्रकरण बंद करायचं नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने भगवंत सिंग प्रकरणात १९८५ मध्येच सांगून ठेवलंय. म्हणजे ताई ज्या कागदाला घाबरल्या होत्या, तो त्यांना बोलायची संधी देत होता.

‘साहेबांनी पैसे खाल्ले हो,’ हे त्या पुन्हा पुन्हा म्हणत होत्या. असतीलही, नसतीलही, सिद्ध कसं करणार? मी विचारलं, ‘पोलिसांनी काय केलं नाही, ते सांगा.’ मग एकेक बाहेर येऊ लागलं. भिशीची वही जप्त झाली नव्हती. फसलेल्या इतर बायकांचे जबाब नव्हते. पैसे मोबाइलवरून गेले होते, तरी त्या खात्याचा उतारा मागवलाच नव्हता. प्रोटेस्ट पिटिशनमध्ये, म्हणजे समरीला हरकत घेणाऱ्या अर्जात, राग नको, ही यादी हवी. ताईंना वकील जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून विनाशुल्क मिळाला. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने स्त्रियांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.

सोबत आलेल्या भावाला मात्र थेट हायकोर्टात जाऊन सीबीआय चौकशी मागायची होती. बऱ्याच जणांना तेच वाटतं. पण तपासाबद्दल तक्रार असेल तर आधी मॅजिस्ट्रेटकडे जा, असं सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वासू निकालात २००७ साली म्हटलंय. हायकोर्टाचं दार बंद नाही, पण पहिल्याच पायरीला तिथे गेलात तर बहुधा खालीच पाठवतात.

खरं तर ताई समरीची वाट न पाहता आधीच हलू शकल्या असत्या. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेल्या नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तपास कुठवर आला हे पोलिसांनी ९० दिवसांच्या आत फिर्यादीला कळवायचं आहे. नाही कळवलं तर सीनियर पीआय (ठाण्याचे वरिष्ठ निरीक्षक) आणि त्यांच्या वरचे एसीपी, डीसीपी यांना लेखी अर्ज द्यावा आणि प्रत्येकावर पोचेचा शिक्का घ्यावा. तोंडी चकरांचा कोर्टात काही उपयोग होत नाही. एवढ्यानेही हललं नाही, तर कलम १७५(३) खाली, म्हणजे जुन्या १५६(३) खाली, मॅजिस्ट्रेटकडे शपथपत्रासह अर्ज करता येतो. अधिकाऱ्याने धमकावलं किंवा पैसे मागितले, तर ती तक्रार वेगळी करावी. तपासाच्या अर्जात मिसळली की दोन्ही लंगडी पडतात.

कोर्टाने सी समरी नाकारून पुढील तपासाचा आदेश दिला. वही जप्त झाली, बायकांचे जबाब सुरू झाले. समरी मंजूर झाली असती, तरी वरच्या कोर्टात दाद मागण्याचा मार्ग होताच.

‘मग पैसे कधी मिळतील?’ ताईंनी विचारलं. त्याची हमी फौजदारी खटला देत नाही, हे मी स्पष्ट सांगितलं. वसुलीचा दिवाणी दावा साधारण तीन वर्षांच्या मुदतीत लावावा लागतो, आणि फौजदारी केस चालू आहे म्हणून ती मुदत थांबत नाही. त्यांची मुदत भरत आली होती. त्या दाव्याचे कागद आम्ही त्याच दिवशी काढायला घेतले.