इंग्लंडमधलं ईम हे खेडं कशासाठी ओळखलं जातं? तिथे काय पाहावं?

डर्बीशायरच्या डोंगराळ भागातलं हे छोटं गाव प्लेगमुळे ओळखलं जातं, खरं तर प्लेगच्या काळात गावानं जे केलं त्यामुळे. १६६५ च्या सप्टेंबरात लंडनहून एका शिंप्याकडे कापड आलं आणि त्यासोबत साथही आली, असं सांगतात. पुढच्या वर्षी पाद्री विल्यम मॉम्पेसन आणि आधीचे पाद्री थॉमस स्टॅन्ली यांनी गावकऱ्यांना वेशीबाहेर न जाण्याचं आवाहन केलं. लोकांनी ते पाळलं आणि सुमारे २६० माणसं प्लेगनं दगावली. मॉम्पेसन यांची पत्नी कॅथरीनही त्यात गेली.

सीमेवरचा दगड आधी पाहा. नाण्यांवरून रोग पसरू नये म्हणून त्यावरच्या खळग्यांत व्हिनेगर भरून गावकरी नाणी ठेवत आणि बाहेरचे लोक त्या बदल्यात धान्य ठेवून जात. मग रायली कबरी. एलिझाबेथ हॅनकॉक या बाईनं आठ दिवसांत नवरा आणि सहा मुलं स्वतःच्या हातांनी तिथे पुरली. मला तरी ते वाचून पुढे वाचवेना.

चर्चच्या आवारात सॅक्सन काळातला कोरीव क्रूसही आहे, प्लेगच्या कितीतरी शतकं आधीचा. जमलं तर ऑगस्टच्या शेवटच्या रविवारी जा. त्या दिवशी स्मरणप्रार्थना असते.