‘केगारे’ म्हणजे पाप की विटाळ?

प्रश्न : कामठीचे ड्रॅगन पॅलेस पाहून आल्यापासून मी जपानमधील धर्मांविषयी वाचत आहे. शिंतो धर्मातील ‘केगारे’ या शब्दाचा अर्थ एका ठिकाणी ‘पाप’, तर दुसऱ्या ठिकाणी ‘विटाळ’ असा दिलेला आढळला. त्यांपैकी योग्य कोणता, आणि आजच्या जपानमध्ये ही कल्पना उरली आहे काय?
– एक वाचक, महाल, नागपूर

उत्तर : ड्रॅगन पॅलेस हे बौद्ध विहार आहे, शिंतो ही जपानची, तेथे बौद्ध धर्म पोहोचण्यापूर्वीची, स्वतंत्र परंपरा. आपल्या दोन अर्थांपैकी ‘विटाळ’ हाच अधिक जवळचा. पाप करावे लागते, केगारे मात्र मृत्यू, रक्त किंवा रोग यांच्या संपर्काने, काही दोष नसतानाही लागते. इ. स. ७१२ मध्ये सिद्ध झालेल्या ‘कोजिकी’ ग्रंथात इझानागी हा देव मृत पत्नीला परत आणण्यासाठी पाताळात जातो, तिचा कुजलेला देह पाहून पळत सुटतो आणि वर येताच स्नान करतो. त्या स्नानात त्याने डावा डोळा धुतला तेव्हा सूर्यदेवता अमातेरासू जन्मली. केगारे देवालाही चुकत नाही; पण ते धुऊन जाते, हे महत्त्वाचे.

धुण्याचे विधी आजही चालू आहेत. ३० जून आणि ३१ डिसेंबर या दिवशी अनेक देवस्थानांत ‘ओहाराए’ होतो. माणसाच्या आकृतीची कागदी बाहुली अंगावरून फिरवायची, तिच्यावर फुंकर घालायची आणि ती देवस्थानात द्यायची; पुढे ती पाण्यात सोडतात किंवा जाळतात. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मारबतीचा पुतळा मिरवत नेऊन जाळताना ‘इडा, पिडा, रोगराई घेऊन जा गे मारबत’ ही आरोळी ऐकत वाढलेल्या महालकरांना यावर अधिक सांगायला नको. फरक इतकाच, की तेथे प्रत्येकाची बाहुली वेगळी आणि सारे काही शांतपणे चालते. जपानमधील अंत्यविधी बहुधा बौद्ध पद्धतीने होतात, तरीही परतल्यावर उंबरठ्याबाहेर अंगावर मीठ शिंपडण्याची चाल अनेक घरांत आहे. आपल्याकडे मसणवटीतून आल्यावर कडुलिंबाचा पाला चावतात, तसेच हे.

‘विटाळ’ हा प्रतिशब्द दुसऱ्या, कटू कारणानेही चपखल बसतो. जनावरे कापणे, कातडी कमावणे, प्रेते हाताळणे ही कामे करणाऱ्यांना लागणारे केगारे समाजाने धुऊन जाऊ दिले नाही. हत्येविषयीच्या बौद्ध तिटकाऱ्याची त्यात भर पडली, आणि ही माणसे पिढ्यान्‌पिढ्या वेगळ्या वस्त्यांत राहिली. १८७१ च्या फर्मानाने त्यांचा हीन दर्जा कागदोपत्री रद्द झाला. तरीही लग्न ठरवताना आणि नोकरी देताना घराण्याचे मूळ शोधणे थांबले नाही, म्हणून २०१६ मध्ये जपानच्या संसदेला या भेदभावाविरुद्ध स्वतंत्र कायदा करावा लागला.