प्राचीन ग्रीक वास्तुकलेवर काम करणाऱ्या पुरातत्त्वज्ञाचं आयुष्य आणि करिअर कसं असतं? त्यासाठी इतिहासाची पदवी लागते का?

प्रश्नाखाली तू लिहिलंयस की तू बारावीत आहेस आणि घरचे म्हणतात, ‘दगड मोजणं हे ड्राफ्ट्समनचं काम, विद्वानाचं नव्हे.’ (तुला ‘तू’ म्हणते, राग मानू नकोस.) खरं तर मी उत्तर देणार नव्हते. पण हेच वाक्य आमच्या थोरल्या काकांकडून वीस वर्षं ऐकतेय, त्यामुळे राहवलं नाही.

पदवीचं आधी उरकते. इतिहासाचीच लागते असं नाही. विल्हेल्म ड्योर्पफेल्ड आर्किटेक्चर शिकून 1877 मध्ये ग्रीसमधल्या ऑलिंपियाच्या उत्खननावर आला आणि पुढे 1887 ते 1912 अथेन्समधल्या जर्मन पुरातत्त्व संस्थेचा प्रमुख होता. ग्रीक वास्तुकलेचा अमेरिकन अभ्यासक विल्यम बेल डिन्समूर, तोही आर्किटेक्ट. अथेन्सच्या पार्थेनॉन या देवळाची दुरुस्ती वर्षानुवर्षं सांभाळणारे मानोलिस कोरेसही आर्किटेक्टच. लूसी शू ग्रीक इमारतींच्या कंगोऱ्यांचे छेद एकेक करून उतरवत गेल्या. 1936 साली त्यांचं पुस्तक आलं आणि नुसत्या कंगोऱ्याच्या वळणावरून इमारतीचा काळ ताडता येऊ लागला. भाषा मात्र लागतात. प्राचीन ग्रीक तर हवीच, शिवाय वाचण्यापुरती जर्मन आणि फ्रेंच.

मी पुण्यात आर्किटेक्चर केलं, मग जुन्या इमारतींच्या जतनाचा कोर्स, आणि त्या ओळखीतून दक्षिण ग्रीसच्या पेलोपोनीजमधल्या एका लहानशा उत्खननावर दोन उन्हाळे काढले. जागेचं नाव सांगत नाही, तिथली माणसं अजून कामावर आहेत. सकाळी सहाला सुरू, कारण एक वाजला की संगमरवराला हात लावता येत नाही. दुपारी खापऱ्या धुवायच्या, संध्याकाळी ड्रॉइंग. हेच ते ‘आयुष्य’.

दुसऱ्या आठवड्यात गवतात आडवा पडलेला एक खांबाचा तुकडा माझ्या वाट्याला आला. ग्रीक खांब बहुधा एकसंध नसतो, गोल ड्रम एकावर एक रचलेले असतात. फॉर्मवर ड्रमची उंची चार ठिकाणी मोजून लिहायची होती. मी एका ठिकाणी मोजली आणि चारही रकान्यांत तोच आकडा टाकला. ऊन होतं, आणि गोल दगड चारही बाजूंनी सारखाच असणार ना! आमच्या प्रमुख बाई साठीच्या पुढच्या. फॉर्म बघून एवढंच म्हणाल्या, ‘इतका सरळ दगड मी आजवर पाहिलेला नाही.’ आणि निघून गेल्या.

मेल्याहून मेल्यासारखं झालं. खालची माती उकरून, पालथं पडून पुन्हा मोजलं. दोन तास गेले. एका बाजूची उंची समोरच्या बाजूपेक्षा 6 मिलिमीटर जास्त भरली, उरलेल्या दोन बरोबर मधल्या. मला वाटलं झीज असेल. बाईंनी तिथल्या पाथरवटाला बोलावलं. त्याने कडेवरून तळवा फिरवला आणि मान हलवली. छिन्नीच्या खुणा मूळच्या होत्या, झीज नव्हतीच.

म्हणजे दगड मुद्दाम उतरता घडवला होता. डोरिक ही ग्रीक बांधणीची एक शैली; तिच्यातल्या उत्तम देवळांचे बाहेरचे खांब ओळंब्यात नसतात, किंचित आत कललेले असतात. पार्थेनॉनचा खांब जवळपास साडेदहा मीटर उंच, आणि कल सुमारे 7 सेंटिमीटर. हा कल आणायला खांब तिरका करत नाहीत. सगळ्यात खालचा ड्रमच एका बाजूला उंच घडवतात, मग वरचे आपोआप कलत जातात. एका पडक्या तुकड्यावरून कळलं की तो बाहेरच्या रांगेतला होता, तळाचा होता, आणि त्या आडगावच्या देवळालाही अथेन्सच्या तोडीचे कारागीर लाभले होते.

घरी येऊन हे काकांना सांगितलं. काका मोडी वाचतात, दफ्तरांत आयुष्य गेलं. ‘सहा मिलिमीटरने कुठला इतिहास बदलला? कागद नाही तर इतिहास नाही.’

त्या दिवशी उत्तर सुचलं नाही. नंतर आरेस या युद्धदेवाचं देऊळ आठवलं. दुसऱ्या शतकात पॉसेनियस या प्रवाशाने अथेन्सच्या अगोरात, म्हणजे जुन्या बाजारचौकात, आरेसचं देऊळ पाहिल्याचं लिहून ठेवलंय. अमेरिकन उत्खननात पाया सापडला, तो रोमन काळातला. आसपास विखुरलेले संगमरवरी दगड मात्र इसवीसनापूर्वी पाचव्या शतकातले. पाया धाकटा आणि देऊळ थोरलं! दगडांवर कोरलेली अक्षरं होती, कुठला दगड कुठे बसवायचा याची, आणि अक्षरांचं वळण रोमन काळातलं. डिन्समूरने 1940 मध्ये मांडलं की अख्खं देऊळ दुसरीकडून उकलून आणून इथे पुन्हा उभं केलंय. कुठून, यावर तर्क चालले. अथेन्सजवळच्या आकार्नाई गावाचं नाव पुढे होतं, कारण तिथे आरेसची पूजा होती. मग 1990 च्या दशकात अथेन्सच्या पूर्वेला, प्राचीन पालेनेच्या परिसरात, वर काहीच नसलेला एक पाया सापडला. कोरेस यांनी मापं जुळवली. देऊळ मुळात अथेना देवीचं होतं. ते हलवल्याचं एका ओळीने कुठे लिहिलेलं नाही, सगळं मापांतून निघालं.

हे मी दिवाळीत काकांना सांगितलंच. थोडा वेळ गप्प. मग म्हणाले, ‘पॉसेनियस नसता तर आरेस हे नाव कुठून आणलं असतंस?’ हे बरोबर आहे, कबूल. पण त्याच आठवड्यात गावच्या वाड्याच्या वाटणीसाठी भिंती मोजून द्यायला त्यांनी मलाच सांगितलं. मी म्हटलं, कागद आहे ना?

आता जे आधी सांगायला हवं होतं ते. मला त्या दोन उन्हाळ्यांचे पैसे मिळाले नाहीत, राहणं-जेवण तेवढं. परदेशी माणसाला ग्रीसमध्ये उत्खनन करायचं तर अथेन्समधल्या आपल्या देशाच्या संस्थेमार्फत परवानगी घ्यावी लागते. फ्रेंचांची संस्था 1846 पासून आहे, भारताची नाहीच. म्हणजे तुला युरोप-अमेरिकेतल्या एखाद्या विद्यापीठातूनच शिरावं लागेल. पक्की नोकरी मिळेपर्यंत चाळिशी येते. मी स्वतः टिकले नाही, आज जुन्या वाड्यांची ड्रॉइंग्ज करून पोट भरते. शिवाय मोजणारेही हट्टाला पेटतात: ड्योर्पफेल्डने उतारवयात लेफकाडा बेट हेच होमरच्या महाकाव्यातलं इथाका बेट म्हणून धोशा लावला, फारसं कुणाला पटलं नाही, आणि तो 1940 साली तिथेच वारला.

घरच्यांना मोजणीचं महत्त्व पटवायचं असेल तर निकोलाओस बालानोस या ग्रीक इंजिनिअरचं सांग. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात त्याने पार्थेनॉनचे दगड लोखंडी क्लँपनी जोडले. प्राचीन कारागीर लोखंडाभोवती शिसं ओतत, याने ओतलं नाही. लोखंड गंजून फुगलं, संगमरवर तडकला. कित्येक दगड त्याने भलत्याच जागी बसवले होते. ते सगळं उकलून, प्रत्येक दगड नव्याने मोजून, त्याची मूळ जागा शोधून टायटॅनियमने जोडायचं काम 1980 च्या दशकापासून चालू आहे.

जर्मनचा क्लास मात्र या सुट्टीतच लाव. मी तो टाळला आणि अजून ड्योर्पफेल्ड भाषांतरात वाचते.