सांगली-साताऱ्यात चित्रपट स्टुडिओ न होता ते कोल्हापुरातच का झाले?

सांगलीत विष्णुदास भावे यांनी 1843 मध्ये मराठी नाटकाचा पाया घातला, तरी चित्रपटनिर्मिती रुजली ती शेजारच्या कोल्हापुरात, आणि माझ्या मते याचे मुख्य कारण तेथील कारागीर होते. नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवणारे आनंदराव आणि बाबूराव पेंटर हे नात्यातले भाऊ कॅमेरा स्वतःच घडवण्याच्या खटपटीत होते. आनंदरावांच्या निधनानंतर बाबूरावांनी ते काम तडीस नेले आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. तिथेच तयार झालेल्या दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर यांनी सीताराम कुलकर्णी यांच्यासह 1929 मध्ये कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. राजाश्रयाचा वाटाही मोठा होता. प्रभात 1933 मध्ये पुण्याला गेल्यावरही कोल्हापूर सिनेटोन ही चित्रपटसंस्था दरबाराच्या पाठबळावरच उभी राहिली. तिच्या स्टुडिओची वास्तू पुढे दिग्दर्शक भालजी पेंढारकरांकडे येऊन जयप्रभा स्टुडिओ झाली, 1948 च्या दंगलीत जळाली, आणि भालजींनी ती जिद्दीने पुन्हा उभारली. त्या काळातील पडद्यामागच्या कामगारांची नावेही आपण जपायला हवी होती, असे मला मनापासून वाटते. आमच्या सातारा जिल्ह्याच्या वाट्याला मात्र मुख्यतः बाह्यचित्रीकरण आले: वाईचे घाट, मेणवलीचा नाना फडणविसांचा वाडा आणि त्यामागची कृष्णा.