पाणी ८० अंशांचं, डेटाशीट ३० अंशांची

प्रश्न : पुण्यातल्या आमच्या कारखान्यात उघड्या टाकीतलं ८० अंश सेल्सिअसचं पाणी उचलायला सेंट्रिफ्यूगल पंप घ्यायचाय. जुन्या प्रकल्पाची एक्सेल डेटाशीट बदलून मी पाठवली. तीत उपलब्ध एनपीएसएच (पंपाच्या तोंडाशी पाण्याची वाफ होऊ न देणारा शिल्लक दाब, पाण्याच्या उंचीच्या मीटरमध्ये) १०.६ मीटर दिसतं, पंपाला ५.२ लागतं. तरी पंपवाले म्हणतात, टाकी उंचावर बसवा. का? (शीट सोबत जोडली आहे.)
– एक वाचक, पुणे

उत्तर : पंपवाल्यांचं बरोबर आहे. तुम्ही तापमान ३० चं ८० केलंत, पण बाष्पदाबाच्या (ज्या दाबाला त्या तापमानाचं पाणी वाफ होऊ लागतं, त्याच्या) रकान्यात ०.४३ मीटर तसंच राहिलं. तिथे सूत्रच नाही, कुणीतरी आकडा हाताने टाकलाय. ८० अंशांना पाण्याचा बाष्पदाब ४७.४ किलोपास्कल, म्हणजे जवळजवळ ५ मीटर! वातावरणाच्या दाबाचे १०.३३ मीटरही समुद्रकाठचे, तेही गार पाण्याचे. पुणे सुमारे ५६० मीटर उंचावर. इथे दाब ९५ किलोपास्कलच्या आसपास, गरम पाण्याच्या हिशेबात ९.९ मीटर. त्यात टाकीतल्या पातळीचे १.५ मिळवा, घर्षणाचे ०.८ आणि बाष्पदाबाचे ५ वजा करा. उरले ५.६.

५.२ ला ५.६ पुरतात, असं म्हणू नका. पंपवाल्याचा आकडा हेड (पंप पाणी जितके मीटर चढवू शकतो ते) ३ टक्के पडल्यावरचा असतो. कॅव्हिटेशन, म्हणजे पंपात वाफेचे बुडबुडे होऊन फुटणं, त्याआधीच सुरू झालेलं असतं. मी निदान एक मीटर फरक मागतो. सक्शन पाइप मोठा करून ०.८ मधून वाचून वाचणार किती? टाकी हलणार नसेल तर मिनिटाला २९०० ऐवजी १४५० फेऱ्यांचा पंप विचारा, त्याला एनपीएसएच कमी लागतं. तो आकाराने मोठा आणि महाग पडेल, खरेदी विभाग कुरकुरेल. कुरकुरू दे.

त्याआधी प्रवाहाचा रकाना बघा. गरज ताशी ५० घनमीटरची. प्रोसेसवाल्यांनी १० टक्के वाढवले, त्यावर तुम्ही १० टक्के, झाले ६०.५. वाढ एकदाच धरा आणि कुणी धरली ते शेजारी लिहा. प्रवाह उतरला की पंपाची एनपीएसएचची मागणीही उतरते. कदाचित २९०० वरच भागेल.

कार्यक्षमतेचा रकाना मात्र तुम्ही ६५ टक्के भरून का पाठवलात? तो पंपवाल्याने भरायचा. रिकामा करा, बाष्पदाब तापमानाला जोडा, रिव्हिजन नंबर बदला आणि नवं कोटेशन मागवा.