पुढून विटा, आत वाकड्या तुळया

प्रश्न: मुलगी इंग्लंडला असते, यंदा तिच्याकडे गेलो तेव्हा जावयांनी एका जुन्या बाजाराच्या गावात पबमध्ये जेवायला नेलं. आम्ही दोघं घेत नाही, पण जेवण बरं होतं. बाहेरून सरळसोट विटांची इमारत, आत मात्र जमीन उतरती, तुळया वाकड्या आणि डोक्याला लागतील इतक्या खाली. पाटीवर पंधरावं शतक! जावई म्हणाले तुळया जुन्या जहाजांच्या आहेत. खरं काय? आणि मधोमध एवढी मोठी कमान कशाला?
– एक वाचक, सदाशिव पेठ

उत्तर: पाटी खरी असू शकते आणि विटा नंतरच्या. अठराव्या शतकात तिकडे विटांच्या, एकसारख्या खिडक्यांच्या दर्शनी भागाची फॅशन आली, आता अख्खी इमारत पाडून बांधणं कोणाला परवडतंय, मग जुन्या लाकडी सांगाड्यापुढे नुसती विटांची भिंत उभी करायची. तुमच्याच पेठेत बघा की, रस्त्यावर शटर आणि ॲल्युमिनियमच्या खिडक्या, बोळातून आत गेलं की चौक आणि सागवानी खांब.

वाकडेपणाचं कारण लाकूड. ओक वाळला की इतका कडक होतो की हत्यार चालत नाही, म्हणून ओला असतानाच कापून, खाचा पाडून, लाकडी खुंट्या ठोकून सांगाडा करायचे आणि मग तो जागेवर वाळता वाळता पिळत जायचा. आधी सुताराच्या आवारात जमिनीवर जुळवून बघायचे, सांध्यांवर रोमन आकड्यांसारख्या खुणा करायचे, सुटं करून जागेवर नेऊन परत उभारायचे. खुणा अजून दिसतात, टॉर्च मारून बघा. मधल्या भिंती म्हणजे चक्क आपला कुड, काटक्या विणून वर माती, शेण, गवताचा लेप.

जहाजाची गोष्ट निम्म्या पबमध्ये ऐकवतात. तुळयांमध्ये रिकाम्या खाचा दिसतात ना, त्यावरून. पण त्या बहुतेक वेळा जुन्या घराचं लाकूड परत वापरल्याच्या किंवा मधली भिंत काढल्याच्या असतात, आणि समुद्रापासून लांबच्या गावात जहाज कोण ओढत आणणार? जावयांना सांगायचं की नाही ते तुम्ही ठरवा.

कमान घोडागाड्यांसाठी. गाडी थेट आतल्या चौकात, तिथे तबेले, घोडे बदलायचे, प्रवासी जेवायचे, झोपायचे. 1784 ला ब्रिस्टल-लंडन टपालगाडी सुरू झाली आणि पुढची पन्नासएक वर्षं या धंद्याची चांदी, मग रेल्वे आली आणि चौक ओस. आता तिथे कार लावतात. चौकाची पद्धत मात्र त्याहून जुनी, ग्लॉस्टरचं न्यू इन साधारण 1450 चं, यात्रेकरूंसाठी बांधलेलं, चौकाभोवती लाकडी सज्जे. धर्मशाळाच म्हणा, बिअर मिळणारी. नाव अजून न्यूच, आपली नवी पेठ तरी कुठे नवी राहिलीये.

अजून एक, इमारत जुनी म्हणजे पब तेवढाच जुना असं नाही. लडलो गावातल्या फेदर्स हॉटेलचा कोरीव लाकडी दर्शनी भाग 1619 चा, पण ते आधी राहतं घर होतं, खाणावळ नंतर झाली. 1830 च्या कायद्याने तर दोन गिनी भरून कर भरणाऱ्या कोणाही घरवाल्याला घरात बिअर विकायचं लायसन्स मिळायला लागलं, तेव्हा कितीतरी साध्या घरांचे पब झाले.

परत गेलात तर कमानीतून मागच्या बाजूला जा. विटांचा खर्च तिथपर्यंत सहसा कोणी केलेला नसतो.