फरशीवर नावं का नाहीत?

प्रश्न : आमच्या गावच्या (ता. खटाव) जुन्या चावडीच्या भिंतीत संगमरवरी फरशी बसवलेली आहे. त्यावर इंग्रजीत 'फ्रॉम धिस व्हिलेज...' अशी सुरुवात आहे. अर्थ असा, की या गावातून इतके जण १९१४–१९१९ च्या महायुद्धावर गेले आणि त्यातल्या इतक्यांनी प्राण दिले. नाव एकाचंही नाही. आता चावडी पाडायची आहे. काही जण म्हणतात, इंग्रजांची फरशी कशाला ठेवायची? काहींचं म्हणणं, त्याच फरशीवर नावं कोरून घेऊ. काय करावं? आणि युद्ध तर १९१८ ला संपलं ना?

उत्तर : सालाचं आधी उरकतो. तोफा थांबल्या ११ नोव्हेंबर १९१८ ला, जर्मनीशी तह झाला २८ जून १९१९ ला. फरशी तहाचं साल धरते. चूक नाही.

चूक माझी होती, ती सांगितल्याशिवाय पुढं जाता येणार नाही. १९७६ साली मी चित्रकलेचा मास्तर म्हणून नवा नवा लागलो होतो. आमच्या कोरेगाव तालुक्यातल्या गावातही अशीच फरशी. सरपंच म्हणाले, "गुरुजी, अक्षरं जरा उठवा की. वाचता येत न्हाईत." मी काळा ऑइलपेंट आणि दोन नंबरचा ब्रश घेऊन बसलो. मेलेल्यांचा आकडा झिजलेला होता. मला इंग्रजी तीन दिसला, मी तीन रंगवला. पुढं वीस-बावीस वर्षं गावात पंधरा ऑगस्टच्या भाषणात 'आपले तीन वीर' असंच चाललं. रंगाचे पोपडे निघाले तेव्हा एका रात्री सहज फरशीला बॅटरी कडेनं, अगदी चिकटवून धरली. आकड्याच्या डाव्या अंगाला दोन बारीक सावल्या उठल्या. तीन नव्हता, आठ होता. पाच माणसं मी ब्रशच्या फटकाऱ्यात जिवंत करून टाकली होती.

तेव्हा पहिली विनंती, रंग भरू नका. अॅसिडनं तर मुळीच धुऊ नका, अॅसिड संगमरवर खातं. साधं पाणी आणि मऊ ब्रश पुरे. अंधार पडल्यावर बॅटरी तिरकी धरून फोटो काढा. पातळ कागद चिकटवून वरून काळा मेणखडू आडवा फिरवला तर अक्षरं कागदावर उतरतात. चावडी पाडण्याआधी हे करा. फरशी पहारीनं उचकटू नका, भोवतालचा चुना छिन्नीनं मोकळा करा. आणि नेताना उभी धरून न्या. आडवी धरली की स्वतःच्याच वजनानं मधोमध तडकते.

आता नावांचं. या फरश्या गावोगाव एकाच मजकुराच्या, आकडे तेवढे वेगळे. साच्यात आकडा मावतो, रामजी-धोंडी मावत नाहीत. पण फरशीलाच दोष देऊन उपयोग नाही. फ्रान्समध्ये न्यव्ह शापेलच्या स्मारकावर ४,७०० च्या वर हिंदी सैनिकांची नावं कोरलेली आहेत, साध्या शिपायांचीसुद्धा. इराकमध्ये १९२९ साली उघडलेल्या बसऱ्याच्या स्मारकावर मात्र गोऱ्या शिपायाचं नाव आहे आणि आपल्या साध्या शिपायांची पलटणीखाली नुसती संख्या. ही विषमता होती हे ही स्मारकं सांभाळणाऱ्या कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशननं २०२१ च्या अहवालात स्वतःच मान्य केलं. आणि आपली मराठी माणसं मोठ्या संख्येनं गेली ती बसऱ्याकडेच. तिकडच्याच कुत-अल-अमारात १०३, ११० आणि ११७ नंबरच्या मराठा पलटणी वेढ्यात सापडल्या. २९ एप्रिल १९१६ ला तिथं शरणागती झाली. माझी आजी 'बसऱ्याला गेला' हे 'परत आला नाही' याच अर्थानं म्हणायची.

एक तिरपा विचार. वाई तालुक्यात किकलीला जाऊन वीरगळ, म्हणजे लढाईत पडलेल्यांचे जुने कोरीव दगड, पाहून या. खाली लढाई, मध्ये अप्सरा वीराला वर नेताहेत, सगळ्यात वर शिवलिंगाची पूजा, सूर्य-चंद्र. बहुतेकांवर नाव तिथंही नाही. पण ढाल धरलेला हात आहे, अंगाचा झोक आहे. कुणीतरी एक माणूस मेला, हे दगडाकडं बघून कळतं. तुमच्या फरशीकडं बघून हिशेब कळतो.

तरीही ती काढू नका, आणि तिच्यावर नवं कोरूही नका. आजची अक्षरं त्यात घुसवली की जुना पुरावा गेला. शेजारी आपल्या काळ्या दगडाची वेगळी पाटी लावा, मराठीत.

त्या पाटीसाठी नावं कुठून आणायची? कमिशनच्या संकेतस्थळावर पुष्कळ नोंदींत बापाचं नाव, गाव आणि 'सातारा, बॉम्बे' असं आहे. स्पेलिंग कारकुनाच्या कानावर गेलेलं, त्यामुळं गावाचं नाव चार तऱ्हांनी टाकून बघा. सांगलीकरांनी साताऱ्यातही शोधावं. दक्षिण सातारा जिल्हा १९४९ ला वेगळा झाला, त्याला सांगली हे नाव १९६० ला मिळालं.

आणि घरोघर त्या युद्धाची मेडलं विचारा. एका बाजूला पंचम जॉर्ज, दुसऱ्या बाजूला उघडा घोडेस्वार आणि १९१४, १९१८ ही सालं. लढाऊ शिपायाचं चांदीचं असे, म्हणून बरीचशी दुष्काळात सोनाराकडं गेली. उरलेलं एखादं कुणाच्या देव्हाऱ्यात, नाहीतर ट्रंकेत सापडेल. त्याचं तोंड बघू नका, कड बघा. कडेवर बारीक अक्षरांत शिपायाचा नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण ठोकलेली असते. फरशीनं जे दिलं नाही ते तिथं आहे. मेडल काळं पडलेलं असेल, घरातली कुणीतरी चिंच लावून घासायला घेईल. कडेला हात लावू देऊ नका.